सेलामचा मसाला आणि कुसाबाईंचा राजमा

इगतपुरीकडच्या कुसाबाईंना नाशकात येऊन सव्वीस वर्षं झाली. आल्यापासून त्या लोकांना जेवू घालतायत. हल्ली इंदिरानगरात निकिताच्या मेसमध्ये चाळीस मुलींचा स्वयंपाक एकट्या ओढतात. हातापेक्षा तोंड जास्त चालतं, पण जेवणाला नाव ठेवायची कुणाची टाप नाही.

त्या शनिवारी निकितानं ‘मेक्सिकन बाऊल’ ठरवला. भात, राजमा, मक्याचे दाणे, टोमॅटो-कांद्याची कोशिंबीर, वर लिंबू. यादी ऐकून कुसाबाई म्हणाल्या, “हे तर आपलंच जेवण हाय की! नुसतं एका वाडग्यात कोंबलंय.”

राजमा शिजत आला तेव्हा सेलाम आत आली. इथिओपियाहून फार्मसी शिकायला आलेली ही पोर दीड वर्ष कुसाबाईंच्या हातचं जेवत होती. आईनं घरून पाठवलेली लालभडक मसाल्याची पुडी तिनं पुढे केली. “मावशी, बर्बेरे. वास घ्या.”

कुसाबाईंनी वास घेतला, लागोपाठ तीन शिंका दिल्या आणि त्यांचे डोळे चमकले. “मिरची, मेथी, वेलची... ओवा पण हाय काय गं? निकिताताई, राजम्यात घालू?”

“अहो मावशी, तो मेक्सिकन आहे!”

“मग काय झालं? होऊ द्या की सोयरीक!”

सेलाम म्हणाली दोन चमचे. कुसाबाईंचा चमचा म्हणजे वाढायचा डाव. गरम तेलात कांद्यावर मसाला पडला आणि असा ठसका उठला, की निकिता खोकत गॅलरीत पळाली. मग हळूहळू वास असा सुटला, की तीच परत आत येऊन पातेल्यात डोकावू लागली.

सकाळच्या न्याहारीसाठी कुसाबाईंनी नागलीचं, म्हणजे नाचणीचं, पीठ आंबवलं होतं. त्यातलं उरलेलं त्यांनी तव्यावर घातलं. जाळीदार आंबोळी पाहून सेलामनं उडीच मारली. “आमची भाकरी अशीच! आंबट, भोकाभोकांची!” झालं, प्रत्येक वाडग्याच्या तळाशी आंबोळी गेली.

एक वाजता पंगत बसली. पहिल्या घासाला शांतता. दुसऱ्याला नाकं वाहू लागली. तिसऱ्याला एकीला उचकी लागली, एक उठून जागच्या जागी नाचू लागली. दही संपलं, ताक संपलं. “मावशी, मरतेय! अजून वाढा!”

सेलामनं आंबोळीच्या तुकड्यात राजमा गुंडाळला आणि ती कुसाबाईंसमोर उभी राहिली. “तोंड उघडा. आमच्याकडे मानाच्या माणसाला हातानं भरवतात.”

कुसाबाई चक्क लाजल्या. सगळा जन्म दुसऱ्यांना वाढण्यात गेला. त्यांना कुणी घास भरवला होता तो लग्नात, तोही लोकांनी आग्रह केला म्हणून. त्यांनी डोळे मिटून तोंड उघडलं. घास लिंबाएवढा! कान लाल झाले, डोळ्यांना धार लागली, आणि त्या खदाखदा हसत सुटल्या.

“आणखी दोन,” सेलाम म्हणाली. “एकावर थांबायचं नसतं.”

हे ऐकताच सगळ्या पोरी घास घेऊन उठल्या. पदर खोचून कुसाबाई पातेल्याभोवती पळाल्या. “अगं सटव्यांनो, फुटंल ना मी!” शेवटी कांद्याच्या गोणीवर धपकन बसल्या आणि उचक्या देत एकेकीचा घास खात राहिल्या.

सोमवारी निकितानं फळ्यावर काहीतरी लिहिलं. कुसाबाईंना वाचता येत नाही. नुकतीच मराठी अक्षरं शिकलेल्या सेलामनं बोट फिरवत वाचलं, “दर... शनिवारी... कुसाबाई बाऊल.”

“माझं नाव? वाडग्याला?” कुसाबाईंनी फळ्याजवळ जाऊन ती अक्षरं न्याहाळली. मग म्हणाल्या, “तुझ्या आईला फोन लाव. मसाला लय लागंल म्हणावं.”