डाव्या बाजूचा पालक

पालकासाठी सबंध मालवणशी एकट्याने वैर पत्करणारा माणूस या किनाऱ्यावर एकच झाला, आणि तो माझ्या आतेचा नवरा होता. आम्ही त्यांना आतोबा म्हणत असू. बावीस वर्षे त्यांनी आगबोटीच्या भटारखान्यात काढली. बोटीवरून परतणारे इतर लोक घड्याळे आणत, लोकरीचे कोट आणत, निदान चार साबण तरी आणत. आतोबांनी निळ्या काठाची एक खोलगट एनॅमलची बशी आणली आणि एक पदार्थ आणला. पालक उकडायचा, घट्ट पिळायचा, बारीक चिरायचा. लोण्यावर मैदा परतून त्यात दूध घालून दाट आटवायचे. त्यात पालक आणि चिमूटभर जायफळ मिसळून सगळे बशीत थापायचे. वर किसलेल्या चीजचा थर द्यायचा आणि तो बदामी होईपर्यंत भाजायचे. आतोबा त्याला ‘बेक’ म्हणत. आते त्याला ‘करपवलेली भाजी’ म्हणत असे.

आमच्याकडे लाल माठ होतो, टाकळा उगवतो, शेवगा दारात असतो. पालकाला ही वाळू मानवत नाही. पण आतोबांनी परसात चार वाफे काढले, त्यांना सुकलेल्या मासळीचे खत घातले आणि शेजारच्या कोंबड्यांपासून राखण करायला स्वतः आरामखुर्ची टाकून बसले. एका वर्षी सगळे रोप जळाले, तर हट्टाने त्यांनी लाल माठाचा बेक केला. बशी उघडली तेव्हा आतले सगळे गुलाबी झाले होते. आतेने वाकून पाहिले आणि म्हणाली, “ह्या खाऊचा की ह्येचा लगीन लावचा?” आतोबा दोन दिवस तिच्याशी बोलले नाहीत.

भट्टीचे प्रकरण याहून मोठे. घरात चूल, आणि बेकला वरून आच हवी. आतोबांनी रॉकेलचा डबा कापून त्याची भट्टी केली. तिने पहिल्याच दिवशी मागच्या पडवीचे झाप पेटवले. दुसरी भट्टी विटांची होती, ती बेकसकट कोसळली. तिसऱ्या भट्टीसाठी ते चिरे मोजत असताना आते म्हणाली, “काकडीची तवसळी कशी भाजतंय मी? खाली निखारे, वर झाकणार निखारे. बावीस वर्सां दर्यात फिरलास, पण बायलेच्या चुलीकडे कधी बघूक नाय.” आतोबांनी ऐकून न ऐकल्यासारखे केले. चार दिवसांनी नारळाच्या करवंट्यांचे निखारे खाली-वर लावून त्यांनी बेक केला, तो उत्तम भाजला गेला, आणि बोटीवर अगदी असेच करीत, असे त्यांनी मला ठासून सांगितले.

पण त्यांचे खरे तत्त्व पानात दिसे. बेक ही भाजी नव्हे, ते तोंडीलावणे. म्हणून ते पानाच्या डाव्या बाजूला, चटणीच्या शेजारी, लिंबाएवढेच वाढायचे, आणि दुसऱ्यांदा कोणालाही वाढायचे नाही. आते मुद्दाम उजवीकडे वाढी. आतोबा बोटाने सरकवून तो डावीकडे नेत आणि मग चित्राहुती घालीत. शेजारचे निवृत्त मास्तर एकदा सौजन्याने म्हणाले, “थोडा आणखी वाढा.” आतोबांनी बशी मागे घेतली. “मास्तर, पोट भरूक भात आसा.”

हे मास्तर म्हणजे आतोबांवर संशय घेणाऱ्यांचे म्होरके. आतोबा सांगत की आपण बोटीवर हेड कुक होतो आणि खुद्द कॅप्टनने आपला बेक दोनदा मागून खाल्ला. मास्तर पानाला चुना लावत विचारीत, “आणि बटाटे कोण सोलत होतं?” कारण आतोबांच्या उजव्या अंगठ्यावर सुरीचा एक जाड घट्टा होता, आणि मास्तरांची नजर अशा ठिकाणी बरोबर जाई. आतेसुद्धा रागावली की म्हणे, “बटाटे सोलून सोलून ह्यांची बुद्धी सोलली.” आतोबा घट्टा मुठीत लपवीत आणि मला हळूच सांगत, “एकदा चीज घातलेलो खरो बेक खाऊंदेत. मगे विचारणत नाय.” मालवणात चीज मिळत नसल्याने तोवर गावाच्या पानात पडलेला बेक चीजवाचूनचाच होता. तेवढीच त्यांची इच्छा होती: गावाने एकदा खरा बेक खावा आणि आपल्याला कुक म्हणावे.

ती इच्छा सात वर्षे मी अडवून धरली.

मी तेव्हा एकोणीस वर्षांचा होतो. आमच्या घरात तांदळापेक्षा पत्रके जास्त होती आणि मी दोन्हींवर वाढलो होतो. गोव्याच्या सत्याग्रहाचे दिवस होते. बांद्यापलीकडे पोर्तुगीजांचे राज्य होते, आणि पोर्तुगीज वस्तूला हात लावणारा माणूस माझ्या लेखी माणूस नव्हता. अशा वेळी आतोबांच्या ट्रंकेत मला चीजचा डबा सापडला. नाका बंद होण्याआधी कोणीतरी गोव्याहून आणून दिलेला, लाल आणि सोनेरी. त्यावर रोमन अक्षरांत काही लिहिले होते. मला इंग्रजी येत होते आणि ते इंग्रजी नव्हते. एवढ्या पुराव्यावर मी तो पोर्तुगीज ठरवला.

“आतोबा, हे चीज नाही. ही गुलामगिरी आहे.”

त्यांनी डबा हातात घेतला, अक्षरांकडे पाहिले, माझ्याकडे पाहिले. “मगे काय करूया म्हणतस?”

“समुद्रात फेकायचा. चारचौघांत.”

“बरा,” ते म्हणाले.

मी धक्क्यावर वीस मिनिटे भाषण केले. मासळीच्या पाट्या घेऊन निघालेल्या बायका थांबल्या, मास्तर छत्री घेऊन आले. माझा शेवटचा शब्द झाल्यावर आतोबांनी शांतपणे हात मागे नेऊन डबा लांब भिरकावला. एक मासळीवाली म्हणाली, “माशांक घातलास काय रे ता?” दुसरी म्हणाली, “तेंका तरी खंय आवाडतला.” मी तिच्याकडे जळजळीत पाहिले. आतोबा पाण्यावरची वर्तुळे पुसली जाईपर्यंत बघत राहिले.

पुढची सात वर्षे त्यांनी चीजवाचून चीज शोधले. खोबऱ्याचा कीस घालून पाहिला, त्याचे वडीचे सारण झाले. खरवस किसून घातला, तो वितळून पालकाच्या खाली जाऊन बसला. शेळीचे दूध फाडून फडक्यात दगडाखाली दाबून ठेवले, तर तो दगड फडक्यासकट कुत्र्याने ओढून नेला. प्रत्येक वेळी ते घास तोंडात ठेवून डोळे मिटत, मान हलवत आणि म्हणत, “नाय.” मला मात्र सात वर्षांत एकदाही त्यांनी बोल लावला नाही. त्यांच्या या त्यागावर मी दोन पत्रके लिहिली आणि घरोघर वाटली, म्हणजे त्यांना नाही म्हणायची सोयच ठेवली नाही.

गोवा मोकळा झाला तेव्हा गावात पेढे वाटले. दोन महिन्यांनी म्हापशाहून आतोबांना कार्ड आले. बोटीवरचा त्यांचा जुना सोबती, आता घरी बसलेला म्हातारा, भेटायला येत होता. केवढा आनंद व्हायला हवा होता, पण आतोबांनी मला परसात बोलावून विचारले, “गोव्यातसून येवक आता परवानगी लागता मां रे?”

“नाही. आता सगळा एकच देश.”

“वायच सुद्धा लागणा नाय?”

गोवा स्वतंत्र झाल्याचे दुःख झालेला माणूस मला स्वतःच्या नात्यात आढळावा, याचा मला संताप आला. का दुःख, हे मला कळले नव्हते. मास्तरांना कळले. ते जेवायला स्वतःहून येणार म्हणाले.

पाहुणा आला, टोपी काढून आतेला नमस्कार केला आणि पिशवीतून भेट काढून चुलीजवळ ठेवली. तोच लाल-सोनेरी डबा. माझी जीभ राहीना. मी विचारले, “हा पोर्तुगालचाच ना?”

म्हातारा हसला. “पोर्तुगालचो? हो हॉलंडाचो, पुता. गोंयांत चीज सगळो हॉलंडासून येता. हें बघ, लिवलां.”

मास्तरांनी चष्मा वर केला आणि अतिशय सावकाश विचारले, “मग सात वर्षांपूर्वी भाषण करून धक्क्यावरून फेकलात, तो?”

मला सात वर्षे, वीस मिनिटे आणि दोन्ही पत्रके एकदम आठवली. आतोबा पाठमोरे बसून निखारे सारखे करत होते. मान वर न करता ते म्हणाले, “तो वेगळो होतो, मास्तर. तो पोर्तुगालचोच. माका वासार कळलेला.”

बावीस वर्षे असले डबे हाताळलेला माणूस. डबा कुठला ते त्याला त्या दिवशी ट्रंकेपाशीच कळले होते.

बेक झाला. झाकण काढले तेव्हा वरचा थर बदामी होऊन बुडबुडत होता आणि पडवीभर जो वास सुटला त्याने आतेसुद्धा दोन पावले पुढे आली. तिने सवयीने उजवीकडे वाढले, आतोबांनी सवयीने डावीकडे सरकवले. पाहुण्याने घास घेतला आणि पान पुढे केले. “आनी वाड.”

आतोबा चमचा धरून उभे राहिले. इतक्या वर्षांत हे कोणासाठी घडले नव्हते. त्यांनी वाढला.

मास्तर वाट पाहत होतेच. “काय हो, हे बोटीवर खरंच हेड कुक होते?”

पाहुण्याने बोटे चाटली. “तेचो हो पालक आमच्या कॅप्टनान दोनदां मागून खाल्लो. म्हज्या दोळ्यांदेखत. तुमी खाल्लो मरे? मग आनी कित्याक विचारतात?”

मास्तरांनी पानाकडे पाहिले. डावी बाजू रिकामी होती. “चांगला झालाय,” ते म्हणाले, आणि पुन्हा कधी बटाट्यांचे नाव काढले नाही.

संध्याकाळी मी पाहुण्याला एस.टी.वर सोडायला गेलो. तिथे त्याने उरलेले सांगितले. हेड कुक तो स्वतः होता. आतोबा बावीस वर्षे बटाटेच सोलत होते. एकदाच वादळात बोट लागून सगळा भटारखाना आडवा झाला, तेव्हा आतोबा एकटे उभे होते. रोज बघून शिकलेला बेक त्यांनी केला, आणि कॅप्टनने दोनदा मागून खाल्ला. “दुसऱ्या दिसा परत बटाटे. खंय सांगू नाका,” तो म्हणाला. सत्य लपवणारा तो जनतेचा शत्रू, असे मी तोपर्यंत निदान पाच पत्रकांतून लिहिले होते. मी म्हटले, “नाही सांगणार.” आतोबा असेतो मी शब्द पाळला.

दोन वर्षांपूर्वी आतोबा गेले. मागच्या महिन्यात आतेकडे जेवायला होतो. मास्तरांची नवी सूनही आली होती. आतेने न सांगता बेक केला होता, करवंट्यांच्या निखाऱ्यांवर, त्याच निळ्या काठाच्या बशीत. तिने तो माझ्या पानाच्या डाव्या बाजूला वाढला. लिंबाएवढा.

सुनेने विचारले, “ह्या काय गो, आते?”

“आमच्या ह्यांचा,” आते म्हणाली. “बोटीर हेड कुक होते.”

मी मान खाली घालून खाल्ला. मग पान पुढे करून म्हटले, “आते, आणखी थोडा.”

आतेने बशी मागे घेतली. “पोट भरूक भात आसा,” ती म्हणाली, आणि वळून चुलीकडे गेली.