बापाचा घुंगरांचा पट्टा

माझ्या बापाचा घुंगरांचा पट्टा कमरेला बांधून तो नट लंगडत चालून दाखवत होता. सिनेमाची माणसं पोट धरून हसत होती. बापाचा डावा पाय अस्वलाने फाडलेला. बाजारात त्याला बघून ते लंगडणं नटाने एका सकाळीत उचललं.

"मी राजा केलाय, भिकारी केलाय, विधवा केलीय," तो मला म्हणाला. "आता तुमचा भिल्ल. जमला की नाही?"

मी हो म्हणालो. लिहिताना हात अडतो, पण म्हणालो.

तोरणमाळला चित्रीकरण चाललं होतं. मी कॉलेजात पहिल्या वर्षाला, आमच्या पाड्यातला पहिलाच. मला नट व्हायचं होतं. तो म्हणाला होता, "खरा पट्टा आणून दे, तुला पुण्याला माझ्या नाटकात घेतो."

बाप होळीला बुध्या होतो, नवसाने अंग रंगवून, घुंगरं बांधून नाचतो. त्याआधी दिवस पाळतो. खाटेवर झोपत नाही, आंघोळ करत नाही. मगच पट्टा कमरेला चढतो. होळी सरली की वर बांधून ठेवतात. हे सगळं मला माहीत होतं. तरी बापाला सांगितलं, कॉलेजात दाखवायला हवाय. माझ्या शिक्षणावर विश्वास ठेवून त्याने तो काढून दिला.

तिसऱ्या दिवशी बाप घाट चढून आला. कोणीतरी सांगितलं असेल. गर्दीत उभा राहून स्वतःचं चालणं बघत राहिला. मग आमच्या बोलीत मला एवढंच विचारलं, "यानं किती दिवस पाळलं?"

मी पुढे झालो आणि नटाच्या कमरेची गाठ सोडू लागलो.

सामान पुरवणारा शहाद्याचा ठेकेदार धावत आला, अहिराणीत ओरडला. "तुन्हा बापनं काय जाई ऱ्हायनं रे? घडीभरनं काम शे."

"पट्टा मन्हा बापना शे," मी म्हणालो.

नट हसला. "मग पुणं विसर. जंगलातच नाच जन्मभर."

पट्टा बापाच्या हातात दिला. तो घेऊन तो घाट उतरला. अजूनही माझ्याशी नीट बोलत नाही. बरोबरच आहे त्याचं.

पण नट मी होणार. स्नेहसंमेलनाच्या नाटकात न्यायाधीशाच्या भूमिकेसाठी नाव दिलंय. सर म्हणाले, "अरे, तुला पहारेकरी शोभेल. भाला धरता येतोच तुला." वर्ग हसला.

त्या नटाला राजा करताना कोणी विचारलं नसेल, तू कोणाच्या पोटी जन्मलास. मी नाव मागे घेतलेलं नाही. घेणार नाही.