एक मेमो द्या, सार!

तलावात गाळ कसा साचते? कोणी आणून टाकत नाई, कोणी काढत बी नाई. आमच्या हापिसातले किस्से तसेच साचले. बोथ गावाकडच्या एका तलावावर मी अठ्ठावीस वर्सं लस्कर होतो. लस्कर म्हणजे चाक फिरवून तलावाचं दार उघडणारा अन् कालव्यात पाणी सोडणारा माणूस. अठ्ठावीस वर्सं, अन् सारी रोजंदारीवर! माझी शाळा तिसरीपर्यंत. तरी कोण आपल्याले गाढव समजून राह्यलं, एवढं मले कळते.

*

तीन महिने झाले का आमाले एक दिवस 'ब्रेक'. सलग नोकरी दिसली तर माणूस परमनंट करा म्हणते ना, म्हणून हाजरीतला एक दिवस तोडायचा. पण शेतातल्या पिकाले ब्रेक कोण देते? त्या दिवशी सकाळीच एई सारचा फोन. एई म्हणजे आमचा छोटा इंजिनेर.

"काका, चाकाचे दहा फेरे फिरवून टाका."

"आज तर मी नोकरीतच नाई, सार. कोण म्हणून फिरवू?"

"गावकरी म्हणून फिरवा!"

*

माझ्यासंगं मल्लेश होता. तो परमनंट. दोघं मिळून एकच चाक फिरवायचो. अर्धा फेरा त्याचा, अर्धा माझा. पगार मात्र त्याचा माझ्या तिप्पट! म्या कॅशियरले ईचारलं, काऊन बा? तो म्हणे, "मल्लेश ड्युटी करते. तू मदत करतोस."

मल्लेश माणूस सरळ. तो म्हणे, "सार, ह्याची मदत नसली त माझी ड्युटी होत नाई. ते कोन्त्या रजिस्टरात लिहू?"

*

एकदा वरून हुकूम आला, रोजंदारीवर कोणाले ठेवायचं नाई. लगेच हैदराबादहून मोठे सायेब तपासणीले निघाले. नेमका मल्लेश सुट्टीवर. एईनं मले अन् माझ्यासारख्याच रोजंदारीवरच्या सुदामले चाकाच्या पत्र्याच्या खोलीत घातलं अन् बाहेरून कडी लावली.

मोठे सायेब आले. म्हणे, "इथं तर माणूस दिसत नाई. दार कोण उघडते?"

"ऑटोमॅटिक हाये, सार!"

"असं? दाखवा!"

एई दोनदा खोकलला. आमी आतून चाकाले लटकलो. पाणी सुटलं. मोठे सायेब टाळ्या वाजवून राह्यले! म्हणे, बंद करून दाखवा. खोकला. बंद. म्हणे, पुन्हा उघडा. खोकला. असं पाचदा! पाचव्या बारीले चाक सटकलं, सुदामच्या बोटावर बसलं, अन् सुदामनं आतून आईवरून अशी शिवी हासडली का बगळे उडाले.

मोठे सायेब दचकले. एई म्हणे, "ग्रीस पायजे, सार."

त्या वर्षी ग्रीस मंजूर झालं. आमी नाई.

*

मग आमी परमनंट करा म्हणून दरखास्त दिली. क्लार्क म्हणे, "तुमी इथं काम केलं, ह्याचा एक तरी कागद आना."

"हाजरीबुकं तुमच्याच कपाटात हायेत."

"ते वाळवीनं खाल्ले."

सुदाम म्हणे, "म्हणजे ह्या हापिसात वाळवीले परमनंट केलं तुमी!"

क्लार्क म्हणे, "रेपु या." रेपु म्हणजे तेलुगूत उद्या. सहा वर्सं आमचा रेपुच चालला.

*

सुदाम लय आधी एकदा भाचीच्या लग्नाले निर्मल गावाले गेला होता. न सांगता, दोन दिवस. तवाच्या एईनं रागात त्याले मेमो देला. शिक्क्यासकट! 'तू लस्कर असून बिनपरवानगी कामावर गैरहजर राह्यला.' बिचारा तवा रडला होता. पण कागद ट्रंकेत ठेवला.

रेपुले कंटाळून सुदामनं वकील केला. वकिलानं तो कागद पाह्यला अन् खुर्चीतून उठलाच! "अरे, ज्याले नोकरी नाई तो गैरहजर कसा राहीन? हाच तर पुरावा!" कोर्टात तोच कागद चालला. सुदाम परमनंट! मेमो आता त्याच्या घरी बुद्धाच्या फोटोखाली फ्रेममध्ये हाये.

दुसऱ्या दिवशी आमी रोजंदारीवरचे उरलेले सात जण एईसमोर. "सार, आमाले बी एकेक मेमो द्या!"

"कशाचा?"

"कशाचा बी! झोपलो लिहा, दारू पेलो लिहा. शिवी देली लिहा. पायजे त आत्ता देतो!"

एई हुशार. तो म्हणे, "मेमो फक्त मुलाजिमाले भेटते, नोकरीत असलेल्याले."

अन् मी त असा येडा, का अठ्ठावीस वर्सांत एक दिवस चुकलो नाई. पोरीच्या हळदीच्या दिवशी बी अंगाले हळद घेऊन चाक फिरवलं. सुदाम मले म्हणे, "दादा, तुमचा इमानदारपणाच तुमाले नडला."

*

यंदा हरभऱ्याले पाण्याची पाळी होती. मल्लेश रिटायर झाला होता, सुदामची बदली झाली होती. त्या चाकाले डाव्या बाजूनं कुठं खांदा द्यायचा, हे आता माझ्याशिवाय कोणाले ठावं नाई. त्या सोमवारी मी घरीच बसलो.

दहा वाजता एईची जीप दारात. त्याच्या हापिसाले शेतकऱ्यांनी घेरलं होतं.

"काका, चला लवकर!"

"नाई येत."

"आज ब्रेक हाये का तुमाले?"

"नाई."

"बीमार आहात का?"

"ठणठणीत हावो."

"मंग काऊन येत नाई?"

"मर्जी."

एई लालबुंद झाला. सारी गल्ली गोळा झाली होती. त्यांच्यासमोर तो बोट नाचवून वरडला, "काका, पस्तावसान! तुमी ड्युटीवर आले नाई म्हणून मी आत्ता लिहून देईन!"

म्या घरात बायकोले हाक मारली. "अवं, सारले खुर्ची दे. अन् पेन."