सोनचाफ्याचा कोट

आई कोकणातली. सेलूला येऊन पंधरा वर्षं झाली तरी तिची एकच तक्रार होती, की इथं सोनचाफा नाही. वडील शाळामास्तर. त्यांनी ते मनावर घेतलं, पण कबूल केलं नाही. माझ्या आजोळहून रोप मागवून अंगणात लावलं आणि हा शास्त्रीय प्रयोग असल्याचं जाहीर केलं. नोंदींसाठी वहीही केली.

पौषातल्या थंडीनं पानं काळवंडली. पोती गुंडाळूनही भागेना, तेव्हा वडिलांनी आपला एकुलता एक लोकरी कोट रोपावर चढवला, गुंड्यांसकट. नेमके दुसऱ्या दिवशी शाळा तपासायला साहेब यायचे होते.

शेजारचे शेतकरी काका कुंपणावरून म्हणाले, "मास्तर, झाडाले कोट, अन् तुमी काय साहेबापुढं घोंगडं पांघरून जाता?"

"त्याले थंडीची सवय नाई, मले आहे."

तपासणी घोंगड्यात पार पडली. साहेबांनी शाळेची स्तुती लिहिली आणि मास्तरांच्या पोशाखाबद्दल खेद.

चौथ्या पावसाळ्यात पहिलं फूल आलं. वहीत त्याची नोंद नाही. त्या दिवशी ते आईच्या अंबाड्यात होतं.