जिवाळी आमच्याकडं वळली तेव्हा

आमच्या कोल्हापुरात वीज तारेतून येत नाही, जिवाळीतून येते. बाहेरच्यांना हे सांगावं लागतं म्हणून सांगते. जिवाळी म्हणजे जमिनीखालचं जिवंत जाळं. केसाएवढे पांढरे तंतू राधानगरीच्या जंगलात उगवतात, नदीच्या कडेकडेनं, उसाच्या बांधाखालून शहरात येतात आणि प्रत्येक घराच्या उंबऱ्याशी मनगटाएवढी गाठ धरतात. त्या गाठीवर पंखा चालतो, फ्रीज चालतो, मोबाइल चार्ज होतो. बदल्यात संध्याकाळी गाठीवर वाटीभर भाताची पेज ओतायची. बंगला असो की पत्र्याचं घर, वाटी एकच. कारण जिवाळी जास्त खायला मिळेल तिकडं सरकते. गोड तर तिला अजिबात द्यायचं नाही, हे इथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं.

ठाऊक असून आम्ही दिलं. आणि कशासाठी, तर फुटबॉलसाठी.

आमच्या तालमीचा संघ संध्याकाळी दिव्यांखाली सराव करतो, पलीकडच्या पेठेचाही करतो. त्यांचे दिवे आपल्यापेक्षा पांढरे आहेत, असं कुणाच्या तरी नजरेला आलं. लगेच गुऱ्हाळावरून मळीची बादली आली. उसाचा रस कढताना वर येणारा गोड फेस म्हणजे मळी. ती तालमीच्या गाठीवर ओतली आणि दिवे असे पेटले की पोरांनी हलगीच लावली. पलीकडच्यांनी टब आणला. मग आमचं पिंप. ‘आमचा उजेड तुमच्या अंगणात’ असा बॅनर चौकात लागला.

उजेड आभाळातून पडत नव्हता. तो माझ्या आत्तीच्या घरातून ओढला जात होता.

आत्ती राधानगरीच्या पुढं, डोंगराच्या पायथ्याला राहायची. तिचा नवरा, म्हणजे आमचे मामा. धुरानं त्यांची फुप्फुसं गेलेली. नाकाला नळी, उशाला प्राणवायूचं यंत्र, आणि यंत्र जिवाळीवर. आत्तीचा फोन आला, “मामा परवडले गं, यंत्रच धापा टाकतंय.”

मी गेले. उंबऱ्याची गाठ वाळलेल्या आल्यासारखी झाली होती. आत्तीनं पेज ओतली. पूर्वी पेज बघता बघता आत जिरायची. आता ती साचून राहिली, मुंग्या आल्या.

“खाईना झालीया,” आत्ती म्हणाली. “ताक घालून बघितलं, मऊ भात कुस्करून बघितला. माझ्या सासूनं माझे एवढे लाड केले न्हाईत.”

मला उकडतंय म्हणून तिनं पंखा लावला होता. मामांनी कॉटवरून बोट वर केलं. आत्तीनं पंखा बंद केला, तसं यंत्र जरा सुधारलं. मी घाम पुसत बसले. दुसरं काय करणार?

घरी येऊन मला येतं ते केलं. पत्रक काढलं. ‘उजेडाची चोरी थांबवा’ असा मथळा, खाली मळी, पिंप, मामांचं यंत्र, सगळं स्पष्ट. तालमीत उभी राहून मोठ्यानं वाचलं.

“झ्याक लिवलंयस अक्का,” संघाचा कप्तान म्हणाला. टिंगल नव्हती, त्याचे डोळे खरंच ओले होते. “पण हे आदी पलीकडं वाच की. त्यांनी आज थांबवलं तर आमी कालच थांबवलं म्हण.”

पलीकडं गेले. तिथल्या तालमीच्या कट्ट्यावरचा एक जण म्हणाला, “या पावणं, च्या घ्या. आमचा टब दिसला, तुमचं पिंप न्हाय दिसलं व्हय?”

सरकारी कचेरीत साहेबांनी विचारलं, तक्रार कुणाविरुद्ध? दोन पेठांविरुद्ध, मी म्हणाले. “त्यातल्या एकीत मी राहतो, बाई,” साहेब म्हणाले आणि पत्रक अगदी नीट घडी घालून परत दिलं.

तोवर घराघरांत मळी सुरू झाली होती. तालमीनं सगळं ओढलं तर आपल्या फ्रीजचं काय, ही भीती. माझ्या आईनं काकवी ओतली. मी भांडले. “तुझ्या पत्रकावर दूध टिकतंय का?” आई म्हणाली. ते टिकत नव्हतं, हे खरंच होतं.

आत्तीचा पुन्हा फोन आला तेव्हा तिचा आवाज शांत होता. “गाठ गळाली बघ. हातातच आली.” मामांना सिलिंडर लावला होता, तो संपायच्या आत त्यांना हलवायला हवं होतं.

मी गाडी शोधतेय हे कळताच मला घेऊन तालमीची पोरं निघालीसुद्धा. दोन्ही तालमींची. कप्तानानं मामांना लहान मुलासारखं उचलून गाडीत ठेवलं, यंत्र पलीकडच्या गोलकीपरनं मांडीवर धरलं. सबंध रस्त्यात एकानंही दुसऱ्याला शिवी दिली नाही. त्यांच्यावर ओरडायला माझ्यापाशी किती तरी होतं. ‘मामांची मान सांभाळा’, एवढंच मी बोलले.

आमच्या पुढच्या खोलीत यंत्र जोडलं. ते पहिल्या झटक्यात सुरू झालं. मामांच्या ओठांचा निळेपणा हळूहळू उतरला. खोलीत इतका उजेड होता की आत्तीनं पदर डोळ्यांवर घेतला.

संध्याकाळी ती उंबऱ्याशी बसली. शेजारणीनं तिला मळीची बादली आणून दिली होती.

“आत्ती, नको. तुझ्या गावात अजून दोन घरांत दिवा लागतोय.”

“हाय की. एकात माझी जाऊच हाय.” तिनं बादली कलती केली. आतून यंत्राची लय ऐकू येत होती. आत्ती कान देऊन ती ऐकत होती आणि ओतत होती. मी तिच्या हाताला हात लावला, पण धरला नाही.

बादली रिकामी झाल्यावर तिनं ती विसळून उपडी घातली. “उद्या कुठनं आणायची ती जागा दाव मला,” म्हणाली. “रोज शेजारणीकडं मागायला बरं न्हाय दिसत.”

सकाळी मी तिला गुऱ्हाळ दाखवायला घेऊन गेले.