फोटोपुरतं मागे

मुलांनो, काल आपल्या रस्त्यावरून समलिंगी, तृतीयपंथी अशा सगळ्यांची सप्तरंगी झेंड्यांची मिरवणूक गेली, तुम्ही तिकडे तुमच्या शहरात ज्या मिरवणुकीत चालता तशीच. मी गॅलरीत उभी होते. सगळ्यांत पुढे, गळ्यात ढोलकी अडकवलेली, हिरवी साडी चापूनचोपून नेसलेली एक उंच तृतीयपंथी बाई होती. चौकात पोलिसांनी अडवलं तेव्हा तीच पुढे होऊन बोलली, आणि रस्ता मोकळा झाला. मग कॅमेरे आले. लगेच इस्त्रीच्या शर्टातला एक आयोजक तिला म्हणाला, "मावशी, फोटोपुरतं जरा मागे व्हा ना. आमच्या घरचे बघतात हो."

"पोलिसांपुढे मी चालते, आणि तुझ्या आईपुढे नाही होय रे?" ती म्हणाली. पण गेली मागे.

माझं डोकंच फिरलं. आमच्याकडे हळदीकुंकवाच्या दिवशी विधवा आत्या पहाटेपासून तिळगूळ वळायची, आणि बायका यायची वेळ झाली की आई म्हणायची, "वन्सं, थोडा वेळ आत बसा." तिनं भरलेली ताटं बाहेर नेणारी मी. तिला मी एकदाही बाहेर बोलावलं नाही, याचा राग मला आजही येतो. पण या मिरवणुकीतल्या मुलांनी तर आत बसणं स्वतः भोगलंय. बाहेर आल्याबरोबर दुसऱ्याला आत बसवायला यांची जीभ रेटते कशी?

तुम्ही पाठवलेला तुमच्या तिकडच्या मिरवणुकीचा फोटो माझ्या टेबलावर आहे. आज चष्मा लावून पहिली रांग पुन्हा पाहिली. सगळे कसे नीटनेटके. मागे कोणाला पाठवलं होतं, ते मला कळवा.