पुलाची दुसरी पाटी

शहरातल्या बहुतेक उद्घाटनांच्या पाट्या त्यांच्याच हातच्या, म्हणून सगळे त्यांना पाटीवालेच म्हणत. मंत्र्यांचं नाव मंत्र्यांपेक्षा यांनीच मोठं केलं, अशी चेष्टाही चाले. नदीवरच्या नव्या पुलाची पाटी त्यांनीच कोरली होती. तो पूल दुसऱ्याच वर्षी ऐन वर्दळीत कोसळला. पाटीवाल्यांचे दादा तेव्हा स्कूटरवरून त्याच पुलावरून कामाला निघाले होते.

काही दिवस पेपरांत दुसरं काही नव्हतं. सिमेंट कुठे गेलं, पैसे कुणी खाल्ले, सगळं चव्हाट्यावर आलं. ठेकेदाराला अटक झाली, मंत्र्यांनी राजीनामा दिला. वहिनी दिवसभर टीव्हीसमोर बसत. पुढे पुढे आवाज बंद करून नुसत्या बघत. मग मंत्र्यांनी पक्ष बदलला. चौकशी थंडावली, ठेकेदार सुटला आणि मंत्री पुन्हा मंत्री झाले.

एक दिवस त्यांचे पीए दुकानात आले.

"मामा, पुलाजवळ स्मारक करतोय. ग्रॅनाइटची पाटी हवी."

पाटीवाल्यांनी मजकूर वाचला. वर श्रद्धांजली, खाली मंत्र्यांचं नाव, मग स्मारक समिती. समितीत ठेकेदारही होता.

"आणि गेलेल्यांची नावं?"

"एवढ्यांना जागा कुठंय? पाटी लहान आहे."

"मग मोठी घ्या."

"वरून मंजूर झालंय हो. जमत नसेल तर दुसरीकडे देतो."

जेवताना त्यांनी घरी सांगितलं. वहिनी चिडतील असं वाटलं होतं. खरं तर चिडाव्यात अशी इच्छा होती.

"करा भाऊजी," वहिनी म्हणाल्या. "दुसरा कुणी अक्षरं वाकडी काढेल."

ठेकेदाराचं नाव कोरताना एखादं अक्षर वाकडं जाईल अशी त्यांची समजूत होती. तसं काही झालं नाही. छिन्नी नेहमीसारखी चालली.

अनावरणाला गेलेल्यांच्या घरच्यांना पुढे बसवलं होतं. मंत्र्यांनी वहिनींचे हात हातात घेतले आणि फोटो होईपर्यंत धरून ठेवले. परतताना बस लांबचा वळसा घेऊन गेली.

"काय म्हणाले तुम्हाला?" पाटीवाल्यांनी विचारलं.

"ऐकूच आलं नाही. बँड वाजत होता."

पुढे नव्या पुलाचा ठेका ठेकेदाराच्या मेहुण्याला मिळाला. बातमी आतल्या पानावर होती. पाटीवाल्यांनी ती वाचून दाखवली. वहिनी भाजी निवडत होत्या. "हं," म्हणाल्या, आणि देठं बाजूला सारली.